डॉर्ड, डूलॅली आणि आमचे अण्णा

मराठी माध्यमात शिकलेल्या माणसाकडे प्रत्येक इंग्रजी शब्दाचे दोन उच्चार असतात. एक स्पेलिंग पाठ करायला, दुसरा चारचौघांत बोलायला. बुधवारचा घरगुती उच्चार ‘वेड-नेस-डे’, बाहेरचा ‘वेन्सडे’. सुरीचा घरगुती ‘कनाईफ’, बाहेरचा ‘नाईफ’. ब्यूटिफुलचं ‘बी-ऑटी-फुल’, नॉलेजचं ‘कनो-लेडगे’ आणि टुगेदरचं ‘टू-गेट-हर’. हे शेवटचं घोकताना मागच्या बाकावर खसखस पिकायची आणि आपल्याला काही कळलंच नाही असा चेहरा मास्तरांना करावा लागायचा. पुढे ही पोरं मोठी झाली, कुणी बँकेत साहेब झालं, कुणी मुलाकडे न्यू जर्सीला जाऊन राहिलं. पण बुधवारची तारीख टाकायची वेळ आली की ओठ आजही किंचित हलतात : वेड-नेस-डे.

या पद्धतीला कुणी हसू नये. ‘नाईफ’मधला ‘क’ एकेकाळी इंग्रज खरोखर म्हणत असत. चौदाव्या शतकातल्या चॉसर या इंग्रज कवीला सुरी हवी असती तर त्याने ‘क्नीफ’ मागितली असती. सतराव्या शतकाच्या सुमारास तो ‘क’ बोलण्यातून निघून गेला; स्पेलिंगमध्ये मात्र पागडीच्या जुन्या भाडेकरूसारखा ठाण मांडून राहिला. म्हणजे ‘कनाईफ, कनाईफ’ घोकणारं आपलं पोरगं बीबीसीच्या निवेदकापेक्षा चॉसरला जास्त जवळचं. हे तेव्हा कळलं असतं तर निदान काही छड्या वाचल्या असत्या.

काही अक्षरं तर कुणी कधी बोललंच नाही. कर्जाला इंग्रजीत ‘डेट’ म्हणतात, त्यातला ‘बी’ घ्या. हा शब्द फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात ‘बी’चा पत्ता नव्हता. पुढे लॅटिनच्या प्रेमात पडलेल्या विद्वानांना आठवण झाली की मूळ लॅटिन शब्द ‘डेबिटम’ आहे, आणि त्यांनी ‘बी’ आणून बसवला. कर्जाच्या शब्दातच एक अक्षर उसनं, आणि ते अजून कुणी फेडलेलं नाही. ‘आयलंड’मधल्या ‘एस’ची तऱ्हा याहून न्यारी. शब्द अस्सल इंग्रजी, पण विद्वानांना वाटलं की हा लॅटिन ‘इन्सुला’चा नातेवाईक असणार. नातं नव्हतंच. तोवर ‘एस’ मात्र शब्दात शिरला होता, आणि आता जगभरची पोरं ‘आय-स-लँड’ घोकतात.

आडनावांच्या बाबतीत तर इंग्रजांनी लाजच सोडलेली आहे. चोल्मोंडेली लिहायचं आणि ‘चमली’ म्हणायचं. फेदरस्टोनहॉ लिहायचं आणि ‘फॅनशॉ’ म्हणायचं. अर्धं आडनाव वाटेतच खाऊन टाकतात. केंब्रिजातल्या एका कॉलेजच्या नावाचं स्पेलिंग ‘कायस’ वाचावं असं आहे, म्हणतात ‘कीज’; ऑक्सफर्डमधलं मॅग्डालेन कॉलेज म्हणजे ‘मॉडलिन’. चायनीजच्या शौकिनांच्या फ्रिजमध्ये ती एक काळी बाटली असते, वॉर्सेस्टरशायर सॉसची. तिचा उच्चार ‘वूस्टरशर’ असा काहीतरी होतो. घरात तिला सगळे ‘तो काळा सॉस’ म्हणतात आणि भांडण मिटतं. ‘कर्नल’च्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये तर ‘र’ हे अक्षरच नाही. इटलीत तो ‘कोलोनेल्लो’ होता, फ्रान्समध्ये ‘कोरोनेल’ झाला, इंग्लंडने दोन्ही ऐकले आणि लिहायला एक, बोलायला दुसरा ठेवून घेतला. आपण बापडे देवनागरीत सरळ ‘कर्नल’ लिहून मोकळे झालो.

अर्थात देवनागरीच्या नावाने फार छाती फुगवू नये. ‘जग’ आणि ‘जीवन’ यांतले दोन ‘ज’ किंवा ‘चमचा’ आणि ‘चिमटा’ यांतले ‘च’ वेगळे कसे ओळखायचे, हे एखाद्या परप्रांतीयाने विचारलं की आपणही “ते आपोआप येतं” असं सांगून विषय बदलतो.

तर मुद्दा असा की इंग्रजी ही आत्मविश्वासाने केलेल्या चुकांची भलीमोठी नोंदवही आहे. चूक दबक्या आवाजात केली तर ती चूकच राहते. खणखणीत आवाजात आणि पुरेशी वर्षं केली की तिला शब्दकोशात जागा मिळते. आमच्या सोसायटीतल्या अण्णांना हे पटत नाही. त्यांच्या मते इंग्रजी म्हणजे शिस्त.

अण्णा निवृत्त आहेत आणि त्यांच्याकडे स्मार्टफोन आहे. या दोन गोष्टी एकत्र आल्या की काय होतं ते सांगायला नको. सोसायटीच्या ग्रुपवर रोज सकाळी गुलाबाची फुलं आणि कारल्याच्या रसाचे फायदे यांच्या मधोमध अण्णांचा ‘आजचा शब्द’ येतो : शब्द, उच्चार, अर्थ आणि वाक्यात उपयोग. एके दिवशी आला ‘बॉर्बोरिग्मस’, म्हणजे पोटातला गुडगुडाट. हा शब्द मला मनापासून आवडला, कारण तो नुसता म्हणतानाही तोंडातून तोच आवाज येतो. त्या दिवशी अण्णा जिन्यात भेटले ते पोटावर हात ठेवूनच. म्हणाले, “सकाळपासून बॉर्बोरिग्मस आहे.” मागून काकूंचा आवाज आला, “काही नाही हो, रात्री चार कांदाभजी जास्त झाली.” दुसऱ्या दिवशी आला ‘अल्ट्राक्रेपिडेरियन’ : आपल्याला ज्यातलं कळत नाही त्यावर मत ठोकणारा. प्राचीन ग्रीसमधल्या ॲपेलीस या चित्रकाराच्या चित्रातली चप्पल चुकली आहे असं एका चांभाराने दाखवून दिलं. चित्रकाराने ती मुकाट्याने दुरुस्त केली. चांभाराला चेव आला आणि तो पायाबद्दलही बोलू लागला, तेव्हा चित्रकाराने त्याला चपलेच्या वर न चढण्याची ताकीद दिली. या गोष्टीवरून विल्यम हॅझलिट या इंग्रज निबंधकाराने १८१९ साली एका टीकाकाराला हा शब्द फेकून मारला. अण्णांनी तो ग्रुपवर टाकला तेव्हा त्याखाली पाच जणांनी अंगठा दाखवला, आणि लगेच त्याच पाच जणांत भारताचा फलंदाजीचा क्रम कसा असावा यावर दुपारपर्यंत वाद चालला.

अण्णांचं हे खूळ बहुधा शशी थरूरांपासूनचं. २०१७ च्या मे महिन्यात थरूरांनी आपल्याविरुद्धच्या बातम्यांना ट्विटरवर ‘फरागो’ म्हटलं आणि साऱ्या देशाने शब्दकोश उघडले. फरागो म्हणजे खिचडी, भेसळ, कशाचा कशाला पत्ता नसलेला काला. मूळ लॅटिनमध्ये हा शब्द जनावरांच्या मिश्र वैरणीसाठी होता. उच्चार ‘फराऽगो’. मराठी कानाला तो फराळाच्या फार जवळचा वाटतो, आणि तिथेच घात झाला.

वार्षिक सर्वसाधारण सभा होती. टँकरच्या बिलांचा विषय निघाला. अण्णा उठले, चष्मा पुसला आणि गरजले, “सेक्रेटरींचा हा सगळा हिशेब म्हणजे शुद्ध फरागो आहे!”

सभा गप्प. सेक्रेटरी बिचारे वहीत मान घालून लिहीत होते. त्यांनी वर बघितलं. “काय आहे म्हणालात, अण्णा?”

“फरागो. फरागो! असंच लिहा.”

त्यांनी लिहिलं. पुढच्या सभेत मागच्या सभेचं इतिवृत्त वाचण्यात आलं. विषय क्रमांक चार : ‘ज्येष्ठ सभासदांनी टँकरच्या हिशेबात फराळाचा खर्च समाविष्ट असल्याचे निदर्शनास आणून दिले. साधकबाधक चर्चेअंती यापुढे सभेचा फराळ बंद करण्याचे सर्वानुमते ठरले.’ अण्णा उठेपर्यंत इतिवृत्त कायम झालं होतं. तेव्हापासून सभेनंतरचा बटाटेवडा आणि चहा बंद आहे. टँकरची बिलं पूर्वीसारखीच येतात.

थरूरांनी पुढच्या वर्षी, म्हणजे २०१८ च्या ऑक्टोबरात, आपल्या नव्या पुस्तकाची वर्दी देताना ‘फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन’ हा शब्द सोडला. इंग्रजीत एकोणतीस अक्षरं. अर्थ : एखादी गोष्ट कवडीमोल ठरवणं. घाबरण्यासारखं यात काही नाही. फोड करून बघितली तर शब्द अगदीच पोरकट आहे. लॅटिनमध्ये ‘क्षुल्लक’ या अर्थाचे फ्लॉक्सि, नॉसि, निहिलि आणि पिलि असे चार शब्द होते. त्यांतला एक लोकरीच्या पुंजक्यावरून आला, एक केसावरून, एकाचा अर्थ तर चक्क ‘काहीच नाही’. कुणीतरी चारही एका माळेत ओवले आणि शेवटी शेपूट लावलं. आपल्याकडे याच रेसिपीने ‘कस्पटकवडीकःपदार्थतृणवतीकरण’ सहज होईल. विल्यम शेन्स्टन नावाच्या कवीने १७४१ साली एका पत्रात तो वापरल्याची नोंद आहे आणि २०१२ साली खासदार जेकब रीस-मॉग यांनी तो ब्रिटिश पार्लमेंटात म्हणून दाखवला. मधल्या काळात त्याचा मुख्य उपयोग ‘मला हा शब्द येतो’ एवढं सांगण्यासाठी झाला. एखादी गोष्ट खरोखरच कवडीमोल वाटत असेल तर तिच्यासाठी एकोणतीस अक्षरं कोण खर्च करील? मराठी माणूस अशा वेळी ‘हॅट्’ म्हणतो.

पंचेचाळीस अक्षरांचा न्यूमोनो-वगैरे-कोनिओसिस हा शब्द तर १९३५ साली अमेरिकेतल्या शब्दकोडी मंडळाच्या अध्यक्षांनी सर्वांत लांब शब्द असावा म्हणूनच बनवला. सूक्ष्म धूळ छातीत जाऊन होणारा तो आजार. डॉक्टर त्याला सिलिकोसिस म्हणतात आणि औषधाकडे वळतात.

हे असले शब्द इंग्लंडात, अमेरिकेत कुणी बोलत नसे. ते बोलत असत पुण्यातल्या इंजिनिअरिंगच्या हॉस्टेलवरची पोरं. अमेरिकेला शिकायला जायचं तर जीआरई ही परीक्षा द्यायची, जीआरई द्यायची तर बॅरन्सच्या पुस्तकातली शब्दांची यादी पाठ करायची, आणि पाठ व्हायची तर शब्द वाक्यात वापरून बघायचे. त्यामुळे त्या हॉस्टेलांच्या मेसमध्ये जगात कुठेही ऐकू येणार नाही असं इंग्रजी ऐकू यायचं. “काका, भाजीत बटाट्याची पॉसिटी आहे.” “रूममेट लय टॅसिटर्न आहे यार, मीठसुद्धा मागत नाही.” वॉर्डनला ‘डिफेनेस्ट्रेट’ करायची भाषा तर परीक्षेच्या आदल्या रात्री हमखास व्हायची.

डिफेनेस्ट्रेशन म्हणजे माणसाला खिडकीतून बाहेर फेकणं. एवढ्या खास कामासाठी वेगळा शब्द का लागावा? याचं उत्तर प्राग शहरात मिळतं. तिथे हा प्रकार शिरस्ता म्हणावा इतका झाला. १४१९ मध्ये एकदा झाला, आणि २३ मे १६१८ रोजी जो झाला त्याने तर युरोपात तीस वर्षांचं युद्ध पेटलं. चिडलेल्या प्रोटेस्टंट सरदारांनी बादशहाच्या दोन कारभाऱ्यांना आणि त्यांच्या चिटणिसाला प्रागच्या किल्ल्याच्या खिडकीतून सुमारे ७० फूट खाली फेकलं. तिघेही वाचले. कॅथॉलिकांचं म्हणणं, देवदूतांनी झेललं. प्रोटेस्टंटांचं म्हणणं, खाली उकिरडा होता. चिटणिसाला बादशहाने पुढे सरदारकी दिली आणि किताब दिला ‘हॉहेनफाल’, म्हणजे सरळ मराठीत ‘उंचावरून पडलेले’. सरकारी नोकरीत इतका चपखल किताब दुसऱ्या कुणाला मिळाल्याचं ऐकिवात नाही.

हॉस्टेलची पोरं ही सगळी शिदोरी घेऊन अमेरिकेत उतरली आणि तिथे त्यांना ‘लाइक’, ‘कूल’ आणि ‘ऑसम’ या तीन शब्दांत चार वर्षं काढावी लागली. २०११ साली जीआरईवाल्यांनी विरुद्धार्थी शब्दांचा प्रश्नच काढून टाकला. एका अख्ख्या पिढीचं पाठांतर त्या दिवशी वाया गेलं.

पण सगळ्यात गोड गोष्ट आहे ‘डॉर्ड’ची. १९३४ साली अमेरिकेत वेबस्टरच्या मोठ्या शब्दकोशाची दुसरी आवृत्ती निघाली. आपल्याकडे वीरकरांच्या डिक्शनरीला जो मान, तोच तिकडे वेबस्टरला. त्यात ‘डॉर्ड’ असा शब्द होता. नाम. विषय पदार्थविज्ञान आणि रसायन. अर्थ : घनता. आता असा शब्द कुणी कधी बोललेला नाही, लिहिलेला नाही. मग तो आला कुठून? ऑस्टिन पॅटरसन हे त्या कोशाचे रसायनाचे संपादक. ३१ जुलै १९३१ रोजी त्यांनी कचेरीत एक चिठ्ठी पाठवली. घनतेसाठी ‘डी’ हे अक्षर, मोठ्या लिपीतलं किंवा छोट्या लिपीतलं, संक्षेप म्हणून वापरतात, एवढंच तिच्यात सांगायचं होतं. म्हणून वर लिहिलं होतं, ‘डी ऑर डी’. कोशातल्या मुख्य शब्दांची अक्षरं सुटी सुटी टंकायची तिथे पद्धत होती. संक्षेपांच्या गठ्ठ्यात जायची ती चिठ्ठी शब्दांच्या गठ्ठ्यात गेली आणि कारकुनाला ‘डी-ओ-आर-डी’ हा एकसंध शब्द दिसला.

इथपर्यंत ठीक आहे. चिठ्ठ्या कुठल्याही कचेरीत चुकीच्या गठ्ठ्यात जातात. आपल्याकडे तर माणसाचं पेन्शन वर्षानुवर्षं चुकीच्या गठ्ठ्यात असतं. मला कौतुक आहे ते उच्चार देणाऱ्याचं. कोशात शब्द जायचा तर उच्चार हवाच. तेव्हा कुणीतरी सकाळी डबा घेऊन कचेरीत आलं, खुर्चीत बसलं, जन्माला न आलेल्या त्या शब्दाकडे गंभीरपणे पाहिलं आणि ‘लॉर्ड’सारखा ‘डॉर्ड’ असा उच्चार ठरवून दिला. चिन्हांसकट. आणि पुढच्या चिठ्ठीकडे वळलं. १९३९ च्या फेब्रुवारीत एका संपादकाच्या लक्षात आलं की या शब्दाची व्युत्पत्ती दिलेली नाही. शोध सुरू झाला आणि ‘डॉर्ड’चा बनाव उघडकीला आला. तरी छापील आवृत्तीतून तो जायला १९४७ उजाडलं. एवढ्या वर्षांत कुणी वाचकाने हा शब्द चुकीचा आहे म्हणून बोंब मारली नाही. उलट त्या काळात एखाद्या अण्णांनी तो ‘आजचा शब्द’ म्हणून कुणाला ऐकवलाही असेल.

डॉर्ड चुकून शिरला. ‘एस्क्विव्हेलियन्स’ मुद्दाम घुसवला. २००१ च्या न्यू ऑक्सफर्ड अमेरिकन शब्दकोशात संपादकांनी हा खोटा शब्द सापळा म्हणून ठेवला. दुसऱ्या कुणाच्या कोशात तो दिसला की चोर सापडला. अर्थ दिला होता : आपल्या अधिकृत जबाबदाऱ्या जाणूनबुजून टाळणं. चोर पकडायला हा शब्द केला खरा, पण आपल्याकडे त्याला चांगलीच बरकत येईल. “साहेब साइटवर गेलेत”, “सर्व्हर डाउन आहे”, “ते टेबल माझं नाही, शेजारचं” या सगळ्यांना पोटात घेणारा दुसरा शब्द मला तरी ठाऊक नाही. संपादकांनी खोटा म्हणून केलेला असला तरी आपल्याला तो खरा मानून घ्यायला हरकत नसावी.

आता उच्चाराकडे. यात माझा सर्वांत लाडका शब्द ‘मम्प्सिमस’. सोळाव्या शतकात, १५१६ च्या सुमारास, इरॅस्मस या डच पंडिताने एका पाद्र्याची गोष्ट सांगितली. लॅटिन प्रार्थनेत ‘सुम्प्सिमस’ हा शब्द येतो. हा पाद्री कैक वर्षं ‘मुम्प्सिमस’ म्हणत आला होता, जो लॅटिनमध्ये नाहीच. कुणीतरी चूक दाखवली. पाद्री म्हणाला, तुमचा नवा ‘सुम्प्सिमस’ तुम्हालाच लखलाभ, मी माझा जुना सोडणार नाही. त्या दिवसापासून समजावूनही आपल्या चुकीला घट्ट चिकटून राहणाऱ्या माणसाला, आणि त्या चुकीलाही, इंग्रजीत मम्प्सिमस म्हणतात. आठव्या हेन्रीनेसुद्धा पार्लमेंटापुढच्या भाषणात हा शब्द वापरला होता.

हा शब्द ‘आजचा शब्द’ म्हणून आला ते दिवस नेमके गणपतीचे होते. संध्याकाळी सोसायटीच्या मंडपात आरती. अण्णा पुढे, हातात झांजा, आवाज टिपेला. आणि ‘फणिवरबंधना’ म्हणायच्या जागी खणखणीत ‘फळीवर वंदना’. दुसऱ्या मजल्यावरची आठवीतली सई संस्कृतला बसते. आरती संपल्यावर तिने प्रसादाची वाटी पुढे करत हळूच सांगितलं, “आजोबा, ते फणिवरबंधना आहे. म्हणजे कमरेला नाग बांधलेला.”

अण्णांनी मोदक तोंडात टाकला. शांतपणे खाल्ला. म्हणाले, “बाळ, मी चड्डीत होतो तेव्हापासून फळीवर वंदना म्हणतोय. आमच्या वाड्यात गणपती फळीवरच बसायचा. त्याला चालतंय ना? मग झालं.”

सकाळच्या शब्दाचा याहून चांगला वाक्यात उपयोग मी पाहिलेला नाही.

उच्चारावरून माणूस ओळखण्याचा खेळ जुना आहे आणि दर वेळी इतका गोड संपत नाही. मराठी बायबलमधल्या ‘शास्ते’ या पुस्तकात गिलादच्या लोकांनी यार्देन नदीचे उतार अडवून धरल्याची कथा आहे. जो येईल त्याला ‘शिब्बोलेथ’ म्हणायला लावायचे. एफ्राईमच्या माणसाला ‘श’ जमत नसे, तो ‘सिब्बोलेथ’ म्हणे आणि तिथेच कापला जाई. बेचाळीस हजार माणसं गेली असं तिथे म्हटलं आहे. म्हणून इंग्रजीत ‘शिबोलेथ’ म्हणजे आपला-परका ओळखायची खूण. आपल्याकडे कुणी ‘पानी’ म्हटलं की चार भुवया वर जातात. तेवढ्यावर निभावतं हे आपलं भाग्य. त्या ‘पानी’वाल्याच्या गावचं धरण भरतं तेव्हाच या ‘पाणी’वाल्यांच्या नळाला येतं, हे मात्र भुवयांना माहीत नसतं.

आणि इंग्रजांनी आपल्या शब्दांचे काय हाल केले ते बघा. नाशिकजवळच्या देवळालीला १८६१ मध्ये ब्रिटिशांनी लष्करी छावणी उभारली. मुदत संपलेले गोरे सोल्जर मायदेशी जाणाऱ्या जहाजाची वाट बघत तिथे थांबत. सैन्याची ने-आण करणारी जहाजं फक्त थंडीच्या दिवसांत सुटायची. ज्याची वेळ चुकली तो पुढची थंडी येईपर्यंत देवळालीत. काम नाही, कवायत नाही. ऊन, माश्या आणि दारू. काहींना ताप यायचा, काहींचं डोकं फिरायचं. अशा माणसाला सोबती म्हणू लागले, याला ‘डूलॅली टॅप’ झालाय. डूलॅली म्हणजे देवळाली आणि टॅप म्हणजे आपला ताप. पुढे ताप उतरला आणि ‘डूलॅली’ उरली. आज इंग्लंडातली एखादी आजी विसरभोळ्या आजोबांना ‘डूलॅली’ म्हणते तेव्हा आपण नाशिक जिल्ह्यातल्या एका गावाचं नाव घेतो आहोत हे तिच्या गावीही नसतं. गंमत म्हणजे ती हवा आपल्याकडे तब्येतीला चांगली मानतात. आपली माणसं जिथे बरी व्हायला जातात तिथे इंग्रज वेडे झाले.

‘मंगूज’ तर सरळ आपलं मुंगूस. शेवटी ‘गूज’ ऐकू आल्याबरोबर इंग्रजांनी त्याचं स्पेलिंग बदकाच्या चुलत भावासारखं करून टाकलं. आता अनेकवचन करताना ‘गीज’च्या चालीवर ‘माँगीज’ म्हणायचं की काय, या विचारात शाळकरी पोरं अडतात. आपल्या मुंगसाला बिचाऱ्याला याची कल्पनाही नाही. ताज्या बोंबलाला इंग्रजी कोश ‘बमलो’ म्हणतात. हा शब्द बहुधा बोंबलावरूनच आलेला आहे आणि ऐकायला तो एखाद्या बाळाच्या लाडक्या नावासारखा वाटतो. मोहरमच्या मिरवणुकीतला ‘या हसन, या हुसैन’ हा आक्रोश गोऱ्या शिपायांच्या कानांनी ‘हॉब्सन-जॉब्सन’ असा ऐकला. हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांनी इंग्रजीत घुसलेल्या हिंदुस्थानी शब्दांचा मोठा कोश १८८६ साली काढला तेव्हा त्याला नावच ‘हॉब्सन-जॉब्सन’ दिलं. परका शब्द आपल्या जिभेला सोयीचा करून घेण्याच्या या रीतीलाही पुढे भाषाशास्त्रात तेच नाव पडलं.

आपणही काही मागे राहिलो नाही. लॉर्डचा लाट केला, रिक्रूटचा रंगरूट केला, कंपनीची कुंपणी केली. पहारेकऱ्याने अंधारात ‘हू कम्स देअर’ असं ओरडायचं असे; आपल्या शिपायाने त्याचं खणखणीत ‘हुकुमदार’ करून टाकलं आणि पहारा चोख दिला. कुणाच्याही कपाळावर आठी पडली नाही. आठ्या पडायला लागल्या त्या आपण स्पेलिंग पाठ करायला लागल्यावर.

तेव्हा मेनूकार्डावरच्या इटालियन पदार्थावर नुसतं बोट ठेवून “हे एक द्या” असं पुटपुटणं आता बंद करा. इटलीत ‘ब्रुस्केत्ता’ म्हणतात, इंग्लंड-अमेरिकेत सर्रास ‘ब्रुशेटा’ म्हणतात, तुम्ही जे तोंडात बसेल ते म्हणा. फक्त शेजारच्या टेबलावर ऐकू जाईल इतक्या मोठ्याने म्हणा. वेटर आपलाच असतो, त्याने याहून चमत्कारिक उच्चार ऐकलेले असतात. कसंही म्हटलं तरी ताटलीत भाजलेला पाव आणि वर टोमॅटोच येणार आहे. किंमत मात्र आधी बघून घ्या.